घर रिकामं होताना ऐकू येतं: चित्राशिवाय, फक्त आवाजातून गोष्ट कशी रचावी

साताऱ्याचं आमचं जुनं घर आम्ही तीन दिवसांत रिकामं केलं. पहिल्या दिवशी गाद्या, गोधड्या, कपड्यांच्या ट्रंका गेल्या. दुसऱ्या दिवशी पलंग, कपाटं, फडताळातली पुस्तकं. तिसऱ्या दिवशी दुपारी मी माजघरातून भावाला हाक मारली आणि दचकले. हाक माझीच होती, पण भिंतींवर आपटून परत आली होती. त्या घरात वाढले, पण तिथे माझा आवाज असा घुमलेला मी कधी ऐकला नव्हता.

त्या हाकेवरून पुढे मी आठ मिनिटांची ध्वनिकथा केली. तिच्यात निवेदक नाही, पार्श्वसंगीत नाही, ‘सामान गेलं’ असं कोणी म्हणत नाही. खोलीचा घुमारा हळूहळू वाढत जातो, आणि घर रिकामं होतंय हे ऐकणाऱ्याला त्यावरून उमगतं. ती कशी केली ते इथे क्रमाने सांगते. तुमची गोष्ट वेगळी असेल, पण कामाचा क्रम बराचसा हाच राहील.

पायरी १: कानानेच सांगता येईल असं काही शोधा

आधी गोष्ट लिहून मग तिला ‘आवाज लावायचे’, या वाटेने जाऊ नका. अशी गोष्ट दृश्य काढून टाकलेल्या चित्रपटासारखी वाटते आणि ऐकणारा सतत काहीतरी हरवल्यासारखा बसतो. उलट बाजूने या. आवाजात असा कुठला बदल आहे, जो स्वतःच घटना आहे? माझ्या बाबतीत तो घुमारा होता.

आणखी एक उदाहरण देते. वय वाढतं तसं माणसाला आधी वरच्या पट्टीतले, बारीक आवाज ऐकू येईनासे होतात. एका आजोबांच्या कानातून गोष्ट सांगायची ठरवली, तर पहिल्या प्रसंगात रातकिडे आहेत, दुसऱ्यात नाहीत. मग नातीच्या बोलण्यातले ‘स’, ‘श’, ‘फ’ पुसट होत जातात आणि शब्द ओळखणं अवघड होतं. कोणी ‘आजोबांना कमी ऐकू येतं’ म्हणायची गरजच नाही. ऐकणारा आजोबांबरोबर बहिरा होत जातो. ही गोष्ट पडद्यावर दाखवली तर अर्धी होईल.

हीच कसोटी लावा. गोष्टीचा गाभा एका वाक्यात लिहा आणि स्वतःला विचारा, चित्र जोडलं तर ही गोष्ट अधिक चांगली होईल का? उत्तर ‘हो’ आलं तर ती कल्पना दुसऱ्या माध्यमासाठी ठेवून द्या.

बीबीसीवर १५ जानेवारी १९२४ ला रिचर्ड ह्यूज यांची एक श्रुतिका प्रसारित झाली. खास नभोवाणीसाठी लिहिलेल्या पहिल्या नाटकांत तिची गणना होते. ह्यूज यांनी ती कोळशाच्या खाणीत घडवली, आणि खाणीतले दिवे जातात. पात्रांना काही दिसत नाही, ऐकणाऱ्यालाही दिसत नाही. चित्र नसण्याचं कारण गोष्टीच्या आतच आलं. शंभर वर्षं झाली, पण नव्याने लिहू पाहणाऱ्या कोणालाही मी हाच दाखला आधी देते.

पायरी २: तुमच्या आवाजामागचं साधं विज्ञान समजून घ्या

हे टाळू नका. मला यातूनच पटकथेचे टप्पे सापडले.

१८९५ मध्ये हार्वर्ड विद्यापीठातल्या वॉलेस सॅबिन या तरुण प्राध्यापकावर एक काम आलं. नव्या फॉग संग्रहालयातल्या व्याख्यानगृहात वक्त्याचं बोलणं कळत नव्हतं, ते दुरुस्त करायचं होतं. रिकाम्या दालनात उच्चारलेला शब्द सुमारे साडेपाच सेकंद रेंगाळायचा. सॅबिन यांनी जवळच्या सँडर्स थिएटरमधल्या आसनांच्या गाद्या रात्री आणून दालनात पसरल्या. ऑर्गनची एक नळी वाजवायची, बंद करायची, आवाज विरेपर्यंतचा वेळ घड्याळावर मोजायचा, मग आणखी गाद्या टाकून पुन्हा मोजायचं. पहाटेच्या आत गाद्या परत. त्यातून जे सूत्र निघालं ते आजही वापरतात: खोलीचं घनफळ जितकं जास्त तितका आवाज जास्त रेंगाळतो, आणि आवाज शोषणारं सामान जितकं जास्त तितका कमी.

आमचं माजघर साधारण बारा फूट बाय दहा फूट, उंचीही दहा फूट. म्हणजे ३४ घनमीटर. चुन्याचा गिलावा, शहाबादी फरशी, दारं-खिडक्या बंद आणि सामान काही नाही, असं धरून सूत्रात आकडे घातले तर आवाज विरायला अडीच सेकंदांच्या आसपास लागतात. गाद्या, कपडे, पडदे, माणसं धरली की तोच वेळ अर्ध्या सेकंदावर येतो. अर्ध्या सेकंदापासून अडीच सेकंदांपर्यंतचा प्रवास, हीच माझी गोष्ट. मी तिचे चार टप्पे केले: भरलेलं, अर्धं, जवळजवळ रिकामं, पूर्ण रिकामं.

पायरी ३: कागदावर मांडा

वहीच्या पानावर मधोमध उभी रेघ मारा. डावीकडे काय ऐकू येतं ते, उजवीकडे ते कुठून आणि किती लांबून येतं ते. ‘दिसतं’ हे क्रियापद पानावर कुठेही येता कामा नये.

डावीकडे लिहिताना मराठीचा मोठा आधार मिळतो. आपल्याकडे आवाजांना नेमके शब्द आहेत, ते वापरा. ‘दार उघडल्याचा आवाज’ असं लिहिलंत तर ध्वनिमुद्रण करणाऱ्याला काहीच कळत नाही. दार कुरकुरतं, करकरतं की धाडकन उघडतं? पाणी टपटपतंय, झुळझुळतंय की खळखळतंय? भांडी खणखणतात, किणकिणतात की नुसती आदळतात? हा शब्द ठरवता ठरवता दार किती जुनं आहे आणि उघडणारा माणूस कुठल्या मनःस्थितीत आहे, हेही ठरून जातं.

माझ्या कथेत दोनच माणसं समोर आहेत, ताई आणि तिचा धाकटा भाऊ रवी. आई पुण्याहून फोनवर, आणि एका प्रसंगापुरता हमाल. पात्रं कमी ठेवा. चेहरा नसताना एकाच प्रसंगात चौथा आवाज आला की ऐकणाऱ्याचा गोंधळ व्हायला लागतो. आवाजांत वयाचं, पट्टीचं आणि बोलण्याच्या वेगाचं अंतर असू द्या. दोन तिशीतल्या, सारख्या सुरात बोलणाऱ्या बायका एका प्रसंगात असतील तर त्यातली एक बदला, भूमिका कितीही आवडती असली तरी.

चारही टप्प्यांत एक वाक्य तसंच ठेवायचं, हा निर्णय सगळ्यात उपयोगी पडला. वाक्य अगदी साधं आहे. भरलेल्या घरात ते असं येतं:

रवी (लांबून): ताई, चहा ठेवू का?
ताई (जवळून): ठेव. साखर कमी टाक.

आणि शेवटच्या टप्प्यात:

रवी (लांबून, घुमत): ताई, चहा ठेवू का?
(चार सेकंद कोणी बोलत नाही. रस्त्यावरून रिक्षा जाते.)
ताई: शेगडी गेली रे.

शब्द तेच असल्यामुळे कान आपोआप खोलीकडे वळतो. तुमच्या कथेत जे काही बदलत असेल, त्याच्यासमोर न बदलणारं काहीतरी ठेवा.

पायरी ४: संवादांतून वर्णन उपटून काढा

माझ्या पहिल्या खर्ड्यात हे वाक्य होतं: ‘रवी, बघ, आजोबांचा शिसवी पलंग चार हमाल दारातून बाहेर नेतायत!’ समोर उभ्या असलेल्या भावाला कुठली बहीण असं सांगेल? ते वाक्य रवीसाठी नव्हतंच, ऐकणाऱ्यासाठी होतं, आणि ऐकणाऱ्याला ते लगेच कळतं. शेवटी राहिलं ते असं:

हमाल: पाय आधी. पाय आधी काढा.
रवी: अहो, भिंतीला लागेल.
ताई: लागू दे आता.

पलंग हा शब्द नाही, आजोबा नाहीत. पण ज्या भिंतीला आता लागलं तरी चालतं, ती भिंत आपली राहिलेली नाही, हे त्यात आलं. लिहून झालं की प्रत्येक वाक्याला विचारा: हे समोरच्या पात्राला आधीच माहीत आहे का? माहीत असेल तर वाक्य काढा.

नाव घेऊन हाक मारणं पहिल्या अर्ध्या मिनिटात एकदा पुरे. दर वाक्याला ‘अगं ताई’, ‘अरे रवी’ नको. त्याऐवजी ‘हं’, ‘थांब’, नाक ओढणं, उचलताना निघालेला ‘ह्या’ यांना जागा द्या. माणसं त्यानेच ओळखू येतात.

दोघं एकाच वेळी बोलतायत असा प्रसंग करून पाहायला मला फार आवडतो. कॅनडाच्या नभोवाणीसाठी १९६७ मध्ये पियानोवादक ग्लेन गूल्ड यांनी केलेल्या एका माहितीपटात माणसांची बोलणी गाण्यातल्या सुरावटींसारखी एकमेकांवर रचली होती. माझ्याकडे ताई भांड्यांची यादी वाचते आणि तिच्या आवाजाखाली फोनवरची आई तीच भांडी कुणी कधी दिली ते सांगत राहते. शब्दन् शब्द कळावा असा हट्ट इथे सोडावा लागतो. पण एक धागा वर ठेवाच. दोन्ही सारख्या मोठ्याने वाजले तर नुसता गलका होतो.

पायरी ५: ध्वनिमुद्रण

सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. संपादनात दुरुस्त होईल या भरवशावर घरी आणलेलं ध्वनिमुद्रण सहसा दुरुस्त होत नाही.

क्रम उलटा ठेवा. माझ्या लक्षात आलं तेव्हा घर रिकामं झालेलंच होतं. त्यामुळे मी रिकाम्या खोलीचे प्रसंग आधी मुद्रित केले आणि मग खोली भरत गेले. शेजारच्या काकूंकडून चार गाद्या, दोन सतरंज्या, तीन रजया मागून आणल्या आणि भिंतींना टेकवून उभ्या केल्या. सॅबिन यांच्या गाद्यांची गोष्ट मला तिथेच, गादी डोक्यावर घेऊन जिना चढताना आठवली. तुमच्याकडे रिकामं घर नसेल तर रंगकामासाठी मोकळी केलेली खोली किंवा सुट्टीतला शाळेचा वर्ग चालेल. भरलेली खोली रिकामी करण्यापेक्षा रिकामी खोली भरणं सोपं आहे.

उपकरण साधं चालतं. मी हातात मावणारा रेकॉर्डर वापरला. फोन वापरणार असाल तर दोन गोष्टी तपासा. एक, डब्ल्यूएव्ही फाइल (आवाज न दाबता, जसाच्या तसा साठवणारी) देणारं ॲप घ्या. त्यात सॅम्पल रेट, म्हणजे आवाजाचे नमुने घेण्याचा वेग, ४८ किलोहर्ट्झ ठेवा आणि मिळत असेल तर नमुन्याची बारकाई २४ बिट. दोन, आवाज आपोआप कमीजास्त करणारी आणि गोंगाट दाबणारी सोय बंद करा. फोनची ही सोय बोलण्यासाठी केलेली असते. तिला खोलीचा घुमारा म्हणजे कचरा वाटतो आणि ती तोच कापून टाकते. आपल्या कामात घुमारा तर नायक आहे. फोन विमान मोडवर टाका. बोलण्याची सर्वांत वरची पातळी मोजपट्टीवर उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील असं बघा (शून्याच्या वर आवाज फाटतो). कोणी अचानक ओरडलं तरी आवाज फाटत नाही.

पंखा बंद, फ्रिज बंद. फ्रिज पुन्हा सुरू करायचं विसरू नये म्हणून गाडीची किल्ली फ्रिजमध्ये ठेवा. किल्लीशिवाय घरी जाता येत नाही.

आता अंतर. चित्रपटात कॅमेरा जे करतो, ते इथे माइक आणि तोंड यांच्यातलं अंतर करतं. अंतर दुप्पट केलं की तोंडातून थेट येणारा आवाज सुमारे ६ डेसिबलने उतरतो, पण खोलीचा घुमारा जवळपास तेवढाच राहतो. म्हणून लांबून घेतलं की खोली जास्त ऐकू येते आणि वीतभर अंतरावरून घेतलं की खोली नाहीशी होते. वीतभर म्हणजे मनातलं बोलणं, हातभर म्हणजे शेजारी बसून केलेलं बोलणं, खोलीच्या पलीकडच्या टोकाहून म्हणजे हाक. माझी मोठी चूक इथेच झाली. पहिल्या दिवशी मी सगळं वीतभर अंतरावरून, स्वच्छ घेतलं. घरी ऐकलं तर भरलेली खोली आणि रिकामी खोली सारखीच! सगळं परत करावं लागलं. दुसऱ्या खेपेला खडूने फरशीवर दोन खुणा केल्या, एक माइकची आणि एक रवीची, आणि ‘चहा ठेवू का’ चारही वेळा त्याच खुणांवरून घेतलं.

मराठीत महाप्राण अक्षरं भरपूर, त्यामुळे जवळून बोलताना ‘भ’, ‘फ’, ‘ध’, ‘ठ’ यांचा वारा माइकवर थाडकन आदळतो. माइक तोंडासमोर न धरता ओठांच्या कोपऱ्याच्या रेषेत, जरा तिरपा धरा. सराव म्हणून ‘भाऊ, फडताळ, भिंत’ हे तीन शब्द बोलून ऐका.

बोलणाऱ्यांना सामान खरोखर उचलायला लावा. बसून वाचताना ‘जड आहे’ म्हणणारा आवाज आणि हातात पेटी असताना म्हणणारा आवाज यांत जमीन-अस्मानाचा फरक असतो. शिवाय घुमणाऱ्या खोलीत माणूस नकळत सावकाश, जपून बोलायला लागतो. तो बदल अभिनयाने आणायला जाल तर खोटा वाटतो, खोलीवर सोडलात तर आपोआप येतो.

आणि प्रत्येक टप्प्यात एक मिनिट कोणीही काही बोलायचं नाही, हलायचं नाही, नुसती खोली मुद्रित करायची. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. संपादनात हेच मिनिट सिमेंटसारखं कामी येतं.

शक्य असेल तर प्रत्येक टप्प्यात एक फुगा फोडून तोही मुद्रित करा. त्या स्फोटात त्या खोलीचा घुमारा पकडला जातो, आणि रीपरसारख्या संपादन सॉफ्टवेअरमध्ये तो ठसा घेऊन नंतर दुसऱ्या कुठल्याही कोरड्या आवाजाला त्या खोलीत बसवता येतं. राहून गेलेली दोन वाक्यं मी अशीच बसवली. तरी हा आधार अडीअडचणीपुरताच ठेवा.

ज्यांचा आवाज घ्याल त्यांना आधी विचारा. हमालांची संमती मी घेतली आणि तयार कथा त्यांना ऐकवली.

पायरी ६: जे मिळालं नाही ते घडवा

पाऊस हवा असेल तर सुपात ज्वारी सावकाश फिरवा. पाखरांचा फडफडाट म्हणजे जुनी छत्री झपझप उघडणं-मिटणं. जाळ म्हणजे मिठाईच्या डब्यावरचा पारदर्शक कागद माइकजवळ चुरगळणं. एवढं पुष्कळ आहे. आवाज खरा असण्यापेक्षा गोष्टीत खरा वाटणं महत्त्वाचं. फक्त तो त्याच खोलीत, त्याच अंतरावरून घ्या, नाहीतर वेगळा चिकटवलेला कळतो.

गाणं वापरायचा मोह होईल. कथेतल्या रेडिओवर जुनं गाणं लागलं तर किती छान, असं मलाही वाटलं होतं. भारतात ध्वनिमुद्रणावरचा हक्क प्रकाशनानंतर ६० वर्षं राहतो, आणि शब्द व चाल यांवरचा हक्क कवी-संगीतकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. म्हणजे तबकडी जुनी असली तरी गाणं मोकळं झालेलं नसू शकतं. मी आईला फोनवर नुसतं गुणगुणायला लावलं, तेही तिने लहानपणी स्वतः जुळवलेलं.

पायरी ७: जुळवणी

ऑडॅसिटी हे फुकट मिळणारं सॉफ्टवेअर या कामाला पुरतं. बोलणं एका ट्रॅकवर, हालचाली दुसऱ्यावर, खोलीची शांतता तिसऱ्यावर. तिसरा ट्रॅक कुठेही तुटू देऊ नका. दोन वाक्यांमध्ये नुसतं रिकामं सोडलंत तर ऐकणाऱ्याला वाटतं, फोन बंद पडला. खोलीची शांतता खाली असेल तर वाटतं, माणूस गप्प झाला.

आईचा फोन दाखवायचा तर तिच्या आवाजातलं ३०० हर्ट्झच्या खालचं आणि ३४०० च्या वरचं सगळं कापा. जुनी टेलिफोन यंत्रणा एवढाच पट्टा वाहायची, आणि आपल्या कानाला फोन म्हणजे तो पट्टा हे पाठ आहे.

एका प्रसंगातून दुसऱ्यात जाताना निवेदकाची आठवण येईल. त्याऐवजी पुढच्या खोलीची शांतता आधीच्या वाक्याखाली दोन सेकंद आधी सुरू करा. १९३० मध्ये वाल्टर रुटमन या जर्मन दिग्दर्शकाने चित्रपटाच्या ध्वनिपट्टीवर, एकही चित्र न घेता, बर्लिनमधल्या शनिवार-रविवारची सुमारे अकरा मिनिटांची कलाकृती कापून-जोडून रचली. काम थांबतं, माणसं शहराबाहेर पडतात, सोमवारी परत येतात, आणि हे सांगायला निवेदक नाही. ती ऐकल्यावर मी माझे तीन ‘दुसऱ्या दिवशी सकाळी’ खोडले आणि त्यांच्या जागी तीन वेळा कुलूप उघडलं. प्रत्येक वेळी दारामागची खोली आणखी घुमत होती.

श्वास कापू नका. वाक्याआधीचा श्वास काढला की माणूस यंत्रासारखा बोलायला लागतो.

पायरी ८: पातळी बसवा आणि ऐकवा

एकूण ध्वनिपातळी स्टीरिओसाठी उणे १६ एलयूएफएस (कानाला आवाज एकूण किती मोठा वाटतो ते मोजायचं एकक), मोनोसाठी उणे १९, आणि सर्वोच्च टोक उणे १ डेसिबलच्या खाली. पॉडकास्टसाठी हे आकडे रूढ आहेत, आणि ऑडॅसिटीत त्यासाठी तयार सोय आहे. मग हेडफोनवर ऐका, फोनच्या स्पीकरवर ऐका, बसमध्ये ऐका. बसमध्ये माझा घुमारा पूर्ण गायब झाला. म्हणून सुरुवातीला एकच सूचना जोडली: हेडफोन लावून ऐका.

शेवटी तीन-चार माणसांना डोळे मिटून ऐकायला बसवा. ‘आवडलं का?’ विचारू नका, सगळे हो म्हणतात. कागद द्या आणि चार ठिकाणी थांबवून त्या वेळची खोली काढायला सांगा. माझ्या मैत्रिणीने तिसऱ्या चित्रात मधोमध टेबल काढलं होतं. मी पुन्हा ऐकलं तेव्हा ताई कप ठेवते तो आवाज लाकडावरचा निघाला. फरशीवर ठेवून तो परत घेतला. ओळखीत कोणी अंध असेल तर त्यांना आवर्जून ऐकवा. काठीच्या टकटकीवरून खोलीचा अंदाज घेणाऱ्या माणसाचे कान तुमच्या-माझ्यापेक्षा तयार असतात. आमच्या एका स्नेह्यांनी दुसऱ्या टप्प्यात मला थांबवून विचारलं, ‘खिडकी मध्येच का उघडली?’ उघडली होती, उकडत होतं म्हणून. ध्वनिमुद्रण करताना आम्हा कोणाच्या लक्षातही आलं नव्हतं. तो प्रसंग पुन्हा घेतला.

कथेबरोबर संवादांची संहिताही लेखी द्या, ज्यांना ऐकू येत नाही त्यांच्यासाठी. त्यात घुमाऱ्याच्या नोंदी लिहा, नाहीतर त्यांच्यापर्यंत गोष्ट पोचतच नाही.

मूळ फाइल्स दोन ठिकाणी जपून ठेवा, आणि नावं अशी द्या की पाच वर्षांनी उघडल्या तरी कळतील. माझ्याकडे एक आहे, ‘माजघर, रिकामं, दुपारी ३, कोणी बोलत नाही’. ते घर पाडलं त्याला आता दोन वर्षं झाली. फाइल एक मिनिट चार सेकंदांची आहे.